सुट्या भागांचे व्यवस्थापन, औद्योगिक

कारखान्यातील यंत्रसामग्री चालू ठेवण्यासाठी लागणारे सुटे भाग कोणते, किती व कोठे साठवावयाचे हे ठरविणे, ते निर्मात्याकडून अथवा अन्य मार्गाने मिळविणे, भांडारात त्यांची निगा राखणे आणि यंत्र बंद पडताच योग्य भाग योग्य जागी हजर करणे, या सर्व कार्यांना मिळून सुट्या भागांचे व्यवस्थापन म्हणतात. नव्या यंत्राच्या जोडणीसाठी लागणाऱ्या घटकांचा समावेश यात होत नाही; आधीच उभ्या असलेल्या यंत्राची देखभाल व दुरुस्ती एवढाच येथे संदर्भ आहे. देखभाल, भांडार, खरेदी आणि लेखा या चार विभागांच्या सीमेवर हा विषय येतो. देखभाल अभियंत्याला प्रत्येक भाग हाताशी हवा असतो, लेखापालाला साठ्यात अडकलेले भांडवल मोकळे हवे असते, खरेदी अधिकाऱ्याला स्वस्त दर हवा असतो आणि भांडारपालाला नोंदी जुळलेल्या हव्या असतात. चौघांचेही म्हणणे आपापल्या परीने रास्त असल्यामुळे अंतिम जबाबदारी कोणाची, हा प्रश्न पुष्कळ कारखान्यांत अनिर्णित राहतो.

स्वरूप : कच्चा माल व सुटे भाग एकाच भांडारात ठेवले जात असले, तरी त्यांची प्रकृती भिन्न आहे. कच्च्या मालाची मागणी उत्पादनाच्या योजनेतून निघते. गिरणीला उद्या कापसाच्या किती गाठी लागतील हे आज सांगता येते. सुट्या भागाची मागणी मात्र बिघाडातून निघते आणि बिघाड पूर्वसूचना देऊन येतोच असे नाही. एखादा धारवा (बेअरिंग) सहा वर्षे मुकाट्याने चालतो व एके रात्री अडकतो. त्याचा बदली भाग तोपर्यंत सहा वर्षे फळीवर पडून असतो आणि भांडाराच्या खातेवहीत तो ‘अचल माल’ म्हणून गणला जातो. लेखापरीक्षकाने त्यावर शेरा मारला तर त्यात गैर काही नाही. परंतु वर्षभर आग लागली नाही म्हणून अग्निशामक बंब विकून टाकण्यासारखाच तो हिशेब होय. सुट्या भागाचे मोल त्याच्या खरेदीच्या किंमतीवर ठरत नसून तो नसल्यामुळे होणाऱ्या नुकसानीवर ठरते. या विषयातील बहुतेक पद्धती व बहुतेक चुका या एका गोष्टीभोवती फिरतात.

इतिहास : यंत्राचा प्रत्येक भाग कारागीर कानशीने घासून त्या त्या यंत्रापुरता जुळवून घेत असे, तोपर्यंत ‘सुटा भाग’ ही कल्पनाच संभवत नव्हती. फ्रान्समधील बंदूक कारागीर ऑनॉरे ब्लां यांनी १७८५ मध्ये बंदुकांच्या चापांचे भाग वेगवेगळे करून, त्यांची सरमिसळ करून व पुन्हा कोणतेही भाग निवडून चाप जुळवून दाखविले. अदलाबदलयोग्य भागांचे हे प्रसिद्ध आरंभीचे प्रात्यक्षिक होय. पुढे इंग्रज अभियंते जोसेफ व्हिटवर्थ यांनी १८४१ मध्ये स्क्रूच्या आट्यांसाठी एकच प्रमाण सुचविले. त्यामुळे एका कारखान्यातील नट दुसऱ्या कारखान्यातील बोल्टवर बसू लागला आणि सुट्या भागांचा व्यापार शक्य झाला.

भारतात मुंबईच्या कापड गिरण्यांची यंत्रसामग्री प्रामुख्याने लँकाशरहून येत असे व तिचे सुटे भागही तिकडूनच मागवावे लागत. दोन्ही महायुद्धांच्या काळात ही वाट अरुंद झाली आणि स्थानिक कारागिरांना नमुना पाहून भाग घडविण्याचे काम मिळू लागले. कोल्हापूरच्या उद्यमनगरातील ओतशाळा व यंत्रशाळा यांच्या वाढीमागे शेतीवरील तेल एंजिनांची दुरुस्ती व त्यांच्या सुट्या भागांची गरज हे एक महत्त्वाचे कारण होते. दट्ट्या, दंडगोलाचे अस्तर, झडपा असे भाग घडविता घडविता तेथील कारागीर संपूर्ण एंजिन घडविण्यापर्यंत पोहोचले. सुट्या भागांची टंचाई ही उद्योगाची शाळा ठरल्याचे हे चांगले उदाहरण आहे.

साखर कारखान्याचे उदाहरण : सुट्या भागांच्या साठ्यामागील सर्व विचार एकाच ठिकाणी पहावयाचे असतील, तर साखर कारखान्याइतके सोयीचे उदाहरण नाही. प्रवरानगर येथील पहिल्या सहकारी साखर कारखान्यात १९५०-५१ मध्ये गाळप सुरू झाले; त्यानंतर महाराष्ट्रात हा उद्योग झपाट्याने पसरला. साखर कारखाना वर्षातील काही महिनेच, साधारणपणे ऑक्टोबर-नोव्हेंबरपासून उन्हाळ्याच्या आरंभापर्यंत, रात्रंदिवस चालतो व उरलेला काळ बंद असतो. म्हणजे दुरुस्तीला भरपूर अवधी आहे, पण तो ठराविक काळातच. गळीत हंगामात मात्र एका तासाचीही उसंत नाही.

दररोज २,५०० टन ऊस गाळणारा कारखाना घेतला, तर तो तासाला सु. १०४ टन ऊस गाळतो. आठ तासांच्या खोळंब्यात सु. ८३० टन ऊस गाळावयाचा राहतो. हा ऊस तोडलेला असतो. तो मोळ्या बांधून बैलगाड्यांत, ट्रॅक्टरच्या गाड्यांत वा मालमोटारींत कारखान्याच्या आवारात उभा असतो. तोडलेल्या उसाचे वजन वाळून घटते व त्यातील साखरेचे अपघटन होऊन उतारा कमी होतो. वजनातील घट ऊस पुरविणाऱ्या शेतकऱ्याच्या पदरात पडते, उताऱ्यातील घट कारखान्याच्या. शिवाय बाष्पित्रात (बॉयलरमध्ये) जळण म्हणून उसाचाच चोथा वापरतात, तेव्हा गाळप थांबले की थोड्याच वेळात जळणही आटते. कढईत व टाक्यांत असलेला रस फार काळ तसाच ठेवता येत नाही. तोडणी कामगारांच्या टोळ्या फडात बसून राहतात. एका भागाच्या अभावाची किंमत किती जणांमध्ये वाटली जाते हे यावरून दिसेल. आणि ती सगळी कारखान्याच्या हिशेबवहीत येत नाही, हेही लक्षात घ्यावयास हवे.

आता या कारखान्यातील तीन भाग पाहू. पहिला म्हणजे चरकाची लाट (रोलर). घडीव पोलादाच्या दांड्यावर ओतीव लोखंडाचे कवच तापवून चढविलेली ही लाट कित्येक टन वजनाची असते. ती ओतशाळेतून तयार होऊन येण्यास महिने लागतात. लाटेवरील खोबणी झिजतात. त्या हंगामानंतर पुन्हा कापाव्या लागतात व त्यामुळे व्यास दरवेळी घटत जातो. ही झीज मोजता येते, म्हणून पुढील हंगामात कोणती लाट बदलावी लागेल हे आधी सांगता येते. दांडा तुटणे मात्र सांगून होत नाही. चरकातील वरच्या लाटेला दोन्ही टोकांस कडा असतात, खालच्या लाटांना नसतात; त्यामुळे एक राखीव लाट कोणत्याही जागी बसेलच असे नाही. राखीव लाट निवडताना किती ठेवावयाच्या याइतकेच कोणत्या जागेची ठेवावयाची हेही म्हणून ठरवावे लागते.

दुसरा भाग म्हणजे साखरेचे स्फटिक मळीपासून वेगळे करणाऱ्या केंद्रोत्सारी यंत्राचा एखादा महागडा घटक. तो मौल्यवान आहे, पण अशी यंत्रे अनेक असतात. एक बंद पडले तरी उरलेल्यांवर भार टाकून काम रेटता येते. तिसरा म्हणजे ऊस चरकाकडे नेणाऱ्या वाहकाच्या साखळीची कडी. तिची किंमत पहिल्या दोहोंच्या मानाने किरकोळ. पण साखळी तुटली की उसाची वाट बंद होते व सगळा कारखाना थांबतो. किंमतीच्या क्रमाने यादी लावली तर ही कडी शेवटच्या पानावर जाईल. अनुभवी अभियंता तिच्या कड्यांचा जुडगा हंगामापूर्वीच चरकाशेजारी आणून ठेवतो.

वर्गीकरण : साठ्यातील वस्तूंची वर्गवारी करण्याची सर्वांत प्रचलित पद्धत म्हणजे अ-ब-क विश्लेषण. थोड्या वस्तूंत बराच खर्च एकवटलेला असतो, या इटालियन अर्थशास्त्रज्ञ व्हिलफ्रेदो पारेतो (१८४८–१९२३) यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या निरीक्षणावर ती आधारलेली असून जनरल इलेक्ट्रिक कंपनीतील एच. फोर्ड डिकी यांनी १९५१ मध्ये ती मालसाठ्याला लावून दाखविली. वार्षिक खपाच्या रकमेनुसार मोठ्या वस्तू ‘अ’ गटात, मधल्या ‘ब’ गटात व किरकोळ ‘क’ गटात पडतात. वंगण, पट्टे, गाळण्या अशा नेहमी खपणाऱ्या वस्तूंसाठी ही पद्धत उपयोगी आहे. सुट्या भागांना ती एकटीच लावणे मात्र दिशाभूल करणारे असते, कारण वर सांगितलेली साखळीची कडी तीत ‘क’ गटात जाते.

म्हणून तिच्या जोडीला भागाच्या निकडीनुसार अत्यावश्यक, आवश्यक व इष्ट अशी दुसरी वर्गवारी करतात. भाग नसल्यास कारखाना थांबतो अथवा माणसाच्या जिवाला धोका पोहोचतो, तर तो अत्यावश्यक. उत्पादन घटते पण चालू राहते, तर आवश्यक. काही काळ गैरसोय सोसता येते, तर इष्ट. ही वर्गवारी कागदावर सोपी दिसते, पण प्रत्यक्षात प्रत्येक विभाग आपला प्रत्येक भाग अत्यावश्यक असल्याचे सांगतो. यावर उपाय एकच : भाग नाही असे गृहीत धरून पुढील चोवीस तासांत काय काय घडेल ते संबंधितांकडून लिहून घेणे. पर्यायी यंत्र आहे काय, जुना भाग वितळजोडाने तात्पुरता सांधता येईल काय, शेजारच्या कारखान्यातून उसना मिळेल काय, हे प्रश्न विचारले की यादी बरीच आखूड होते. जलद खपणारे, मंद खपणारे व अचल अशी तिसरी वर्गवारीही करतात. ती मुख्यतः साठ्याच्या मांडणीसाठी उपयोगी पडते.

साठ्याचे गणित : नियमित खपणाऱ्या भागांसाठी अमेरिकन अभियंते फोर्ड डब्ल्यू. हॅरिस यांनी १९१३ मध्ये मांडलेले किफायतशीर मागणीमात्रेचे सूत्र आजही वापरतात. वार्षिक खप व एका मागणीचा खर्च यांच्या गुणाकाराची दुप्पट करून तिला एका नगाच्या वार्षिक साठाखर्चाने भागावे आणि येणाऱ्या संख्येचे वर्गमूळ काढावे. उदा., वार्षिक खप १,२०० नग, दर मागणीचा खर्च २०० रु. व एक नग वर्षभर बाळगण्याचा खर्च १० रु. असल्यास एका वेळी सु. २१९ नग मागविणे किफायतशीर ठरते.

वर्षानुवर्षे न लागणाऱ्या भागाला हे सूत्र लावण्यात अर्थ नाही. तेथे प्रश्न किती मागवावेत हा नसून एक ठेवावा की ठेवूच नये, हा असतो. अशा भागांना विमा भाग म्हणतात. समजा, भागाची किंमत ४ लाख रु. आहे व व्याज, जागा, विमा आणि खराबी मिळून तो बाळगण्याचा वार्षिक खर्च किंमतीच्या २० टक्के, म्हणजे ८०,००० रु. आहे. तो नसताना बिघाड झाल्यास दहा दिवस यंत्र बंद राहून ३० लाख रु. नुकसान होते असे धरू. ८०,००० ला ३० लाखांनी भागल्यास सु. १/३७·५ हे प्रमाण येते. म्हणजे बिघाड सरासरीने साडेसदतीस वर्षांतून एकदापेक्षा अधिक वेळा संभवत असेल, तर भाग ठेवणे फायद्याचे. कमी वेळा संभवत असेल, तर धोका पत्करणे फायद्याचे. या हिशेबातील किंमतीचा आकडा पावतीवरून मिळतो. बिघाडाच्या वारंवारतेचा आकडा मात्र देखभालीच्या जुन्या नोंदींतूनच काढावा लागतो. त्या नोंदी नसल्यास चर्चा आवाजाच्या जोरावर निकालात निघते.

या दोन टोकांच्या मधल्या भागांसाठी संभाव्यतेतील प्वासाँ वितरणाचा आधार घेतात. समजा, कारखान्यात एकाच प्रकारचे दहा पंप असून प्रत्येकाची गळतीरोधक कडी सरासरीने पाच वर्षांतून एकदा निकामी होते. म्हणजे वर्षाला सरासरी दोन कड्या लागतात. मागणी नोंदविल्यापासून माल हाती पडेपर्यंतचा काळ, म्हणजे पुरवठाकाल, सहा महिने असल्यास त्या अवधीत सरासरी एक कडी लागेल. सरासरी एक म्हणून एकच ठेवली, तर त्या सहा महिन्यांत एकापेक्षा अधिक कड्या लागण्याची संभाव्यता सु. २६ टक्के आहे. दोन ठेवल्यास तुटवड्याची संभाव्यता सु. ८ टक्के व तीन ठेवल्यास सु. २ टक्के राहते. पुरवठाकाल निम्म्यावर आणला तर तेवढ्याच निर्धोकतेसाठी साठा कमी पुरतो. पुरवठादाराशी कायम दरकरार करणे हे म्हणूनच पुष्कळदा भांडार वाढविण्यापेक्षा स्वस्त पडते.

याच गणितातून आणखी एक निष्कर्ष निघतो. असे चार कारखाने एकमेकांच्या जवळ आहेत व प्रत्येक जण स्वतःपुरत्या तीन, म्हणजे एकूण बारा कड्या ठेवतो असे मानू. चौघांनी मिळून सामाईक साठा केला, तर नऊ कड्यांत तुटवड्याची संभाव्यता १ टक्क्याच्याही खाली येते. साठा पाऊणपट व निर्धोकता आधीपेक्षा अधिक, असा हा दुहेरी लाभ आहे. एकाच मापाची यंत्रे असलेल्या सहकारी कारखान्यांना अशी सोय सहज करता यावी. प्रत्यक्षात मात्र भाग कोणाच्या मालकीचा, ऐन हंगामात दोघांना एकदम लागला तर आधी कोणाला, आणि परत कधी करावयाचा, हे प्रश्न आधी लिहून ठेवलेले नसल्यामुळे उसनवारी व्यक्तिगत ओळखीवर चालते.

अधूनमधून लागणाऱ्या भागांच्या मागणीचा अंदाज साध्या सरासरीने चुकतो, हे ब्रिटिश संशोधक जे. डी. क्रॉस्टन यांनी १९७२ मध्ये दाखविले. मागणीचे आकारमान व दोन मागण्यांतील अंतर यांचा वेगवेगळा अंदाज करावा, अशी त्यांची पद्धत आहे. बिघाडांच्या स्वरूपाविषयीचा जुना समजही याच दशकात बदलला. एफ. स्टॅन्ली नोलन व हॉवर्ड हीप यांनी अमेरिकेतील युनायटेड एअरलाइन्सच्या अनुभवावर आधारित अहवाल १९७८ मध्ये सादर केला. त्यांनी अभ्यासलेल्या घटकांपैकी सु. ११ टक्के घटकांतच वाढत्या वयाबरोबर बिघाडाचे प्रमाण वाढताना आढळले. ठराविक तास भरले की भाग बदलावयाचा, या नियमाने चांगले भाग फेकले जातात व नव्या जोडणीतील चुका पदरी पडतात, हे त्यावरून स्पष्ट झाले. आता कंपने, तापमान व वंगणातील धातूचे कण मोजून बिघाडाची चाहूल घेतात. चाहूल आणि बिघाड यांतील अवधी पुरवठाकालापेक्षा मोठा असेल, तर भाग साठवून ठेवण्याची गरजच उरत नाही.

दुरुस्तीयोग्य संच व भांडारांच्या पातळ्या : काही भाग निकामी झाल्यावर फेकून देत नाहीत, ते काढून त्या जागी तयार संच बसवितात व काढलेला संच दुरुस्त करून पुन्हा साठ्यात घेतात. महाराष्ट्रात राज्य परिवहनाच्या गाड्यांची व्यवस्था हे याचे परिचित उदाहरण आहे. आगार, विभागीय कार्यशाळा आणि दापोडी (पुणे), चिकलठाणा (छत्रपती संभाजीनगर) व नागपूर येथील मध्यवर्ती कार्यशाळा अशा पातळ्यांवर तेथील काम विभागलेले आहे. एंजिन वा दंतचक्रपेटी बिघडली म्हणून गाडी आठवडाभर उभी ठेवण्यापेक्षा संच बदलून तिला रस्त्यावर पाठविणे श्रेयस्कर असते. मात्र यासाठी फिरते संच किती हवेत, हे दुरुस्ती किती दिवसांत उरकते यावर अवलंबून असते. मध्यवर्ती कार्यशाळेत काम तुंबले की आगारात संच अपुरे पडतात आणि तेथील व्यवस्थापक नवे संच मागतो. खरी गरज असते ती दुरुस्तीचा वेग वाढविण्याची. अशा अनेक पातळ्यांच्या साठ्यांचा एकत्र विचार करणारे प्रतिरूप क्रेग शेरब्रुक यांनी रँड कॉर्पोरेशनमध्ये अमेरिकन हवाई दलासाठी विकसित करून १९६८ मध्ये प्रसिद्ध केले. प्रत्येक तळावर किती भाग आहेत यापेक्षा सर्व तळांवर मिळून भागांच्या किती मागण्या अपुऱ्या राहिल्या आहेत, ही त्यातील कसोटी होय.

ओळख व सांकेतिक क्रमांक : भांडारात भाग असूनही तो सापडत नाही, ही तक्रार भाग नसण्याइतकीच सार्वत्रिक आहे. तिचे मूळ नावांत असते. एकाच वस्तूला यंत्रकामगार एक नाव देतो, निर्मात्याच्या पुस्तिकेत दुसरे असते व खरेदीच्या मागणीपत्रात तिसरेच लिहिले जाते. गोळ्यांच्या धारव्याचे उदाहरण घ्यावे. ६२०५ या आंतरराष्ट्रीय प्रघाताच्या क्रमांकात ६ हा आकडा खोल खोबणीचा एकपदरी धारवा दर्शवितो, २ हा मापमालिका दर्शवितो व शेवटच्या ०५ ला पाचाने गुणले की भोकाचा व्यास २५ मिमी. मिळतो. त्याचा बाह्य व्यास ५२ मिमी. व रुंदी १५ मिमी. असते. हा धारवा पंपाचा निर्माता आपल्या क्रमांकाने विकतो, चलित्राचा (मोटरचा) निर्माता आपल्या क्रमांकाने व वाहकाचा निर्माता आपल्या. तिघांची मागणी वेगळी नोंदली गेल्यास एकच वस्तू तीन खणांत तीन नावांनी व बहुधा तीन भावांनी येऊन पडते. एक खण रिकामा झाला की तातडीची खरेदी होते आणि उरलेले दोन खण भरलेले असतात.

यासाठी प्रत्येक वस्तूला एकच सांकेतिक क्रमांक देतात. भारतीय रेल्वेत आठ अंकी, तर नाटो राष्ट्रांच्या सैन्यदलांत तेरा अंकी क्रमांक वापरतात. क्रमांक देण्यापूर्वी वस्तूचे माप, धातू व प्रमाण निश्चित करावे लागते; हे काम कंटाळवाणे असल्यामुळे ते कनिष्ठ लेखनिकावर सोपविले जाते आणि नेमके तेथेच फसते. वस्तू हातात घेऊन मापणारा माणूस यंत्रशाळेतील असावा लागतो. आट्यांच्या बाबतीत तर विशेष दक्षता हवी. अर्धा इंची व्हिटवर्थ बोल्टला इंचात १२ आटे व ५५ अंशांचा कोन असतो, त्याच मापाच्या भरड आट्यांच्या अमेरिकन बोल्टला १३ आटे व ६० अंशांचा. एकाचा नट दुसऱ्यावर एकदोन फेरे चढतो व मग अडकतो. १९५६ च्या वजन-मापांच्या कायद्याने भारतात दशमान पद्धत आली, तरी त्यापूर्वी आयात झालेल्या यंत्रांबरोबर इंची आटे कारखान्यांत दीर्घकाळ टिकून राहिले.

साठवण : भाग फळीवर असतानाही खराब होतो, ही गोष्ट फार उशिरा ध्यानात येते. रबरी गळतीरोधक ऊन, उष्णता व विद्युत् यंत्रांभोवतीचा ओझोन यांनी कडक होतात. नायट्राइल रबराच्या कड्यांचे साठवणआयुष्य सर्वसाधारणपणे सात वर्षे धरतात. लांब दांडे आडवे ठेवल्यास स्वतःच्या भाराने वाकतात, म्हणून ते उभे टांगतात अथवा ठराविक मुदतीने फिरवितात. जवळच्या यंत्राच्या कंपनांमुळे स्थिर धारव्यातील गोळ्यांचे ठसे कड्यांवर उमटतात व नवा म्हणून बसविलेला धारवा पहिल्या दिवसापासून आवाज करू लागतो. कोकणातील पावसाळी हवेत चलित्राच्या वेटोळ्यांचे निरोधन ओलाव्याने दुर्बळ होते. अशी चलित्रे ऊब देणाऱ्या दिव्यावर वा तापकावर ठेवून त्यांचा निरोध वेळोवेळी मोजावा लागतो. विमा भाग म्हणून लाखो रुपयांचे चलित्र ठेवावयाचे व त्याला वर्षभर कोणी हात लावावयाचा नाही, यात विमा नाही आणि भागही नाही.

पुरवठा व बनावट भाग : सुटा भाग मूळ यंत्रनिर्मात्याकडून, त्या निर्मात्याला घटक पुरविणाऱ्याकडून अथवा नमुन्यावरून घडविणाऱ्या स्थानिक यंत्रशाळेकडून घेता येतो. मूळ निर्माता यंत्र स्वस्त विकून सुट्या भागांवर नफा काढतो, असा अनुभव येतो. त्यामुळे यंत्र विकत घेतानाच भागांची यादी, आराखडे व पुढील काही वर्षांचे दर करारात घालून घेणे शहाणपणाचे असते. नंतर खरेदीदाराचा हात दगडाखाली असतो. स्थानिक घडणीत आकार हुबेहूब साधतो, पण धातूची जात व उष्णता संस्करण डोळ्यांना दिसत नाही. भाराखाली नसलेल्या आच्छादनाच्या बाबतीत हे चालते. फिरत्या वा दाबाखालील भागाच्या बाबतीत कठिनता व रासायनिक संघटन तपासल्याशिवाय तो स्वीकारू नये.

येथे प्रश्न केवळ पैशाचा राहत नाही. ८ सप्टेंबर १९८९ रोजी ऑस्लोहून हँबर्गला जाणारे नॉर्वेचे काँव्हेअर विमान समुद्रात कोसळून ५५ जण मृत्युमुखी पडले. त्याच्या उभ्या पुच्छपंखाच्या जोडणीतील बोल्ट पुरेशा मजबुतीचे नसून बनावट होते, असे चौकशीत आढळले. त्यानंतरही धोका सरलेला नाही. २०२३ मध्ये लंडनमधील एका व्यापारी पेढीने प्रवासी विमानांच्या एंजिनांचे भाग खोट्या प्रमाणपत्रांसह विकल्याचे उघड झाले आणि अनेक देशांतील विमाने तपासणीसाठी थांबवावी लागली. सार्वजनिक उद्योगांत न्यूनतम दराच्या निविदेचा नियम सुट्या भागांनाही सरसकट लावला जातो. प्रमाणित वस्तूंना तो योग्य आहे. निकडीच्या भागांसाठी मात्र पात्र पुरवठादार आधी तपासून निश्चित करणे व दरस्पर्धा त्यांच्यातच ठेवणे, हा मार्ग अधिक सुरक्षित होय.

भारतातील परिस्थिती : १९९१ पूर्वी आयात परवान्यांच्या काळात परदेशी यंत्राचा सुटा भाग मिळविणे हे वेळखाऊ काम होते. परवाना पुन्हा मिळेल की नाही याची खात्री नसल्यामुळे कारखाने हाती पडेल ते साठवीत. पुष्कळ जुन्या भांडारांतील अवाढव्य अचल साठा हा निष्काळजीपणापेक्षा त्या अनिश्चिततेचा वारसा आहे. १९९१ नंतर बहुतेक यंत्रे व घटक यांच्या आयातीवरील परवाने उठले, पण साठविण्याची सवय काही काळ तशीच राहिली. परावलंबनाचा वेगळा अनुभव तारापूर अणुवीज केंद्राला आला. १९६९ मध्ये सुरू झालेल्या तेथील दोन अमेरिकन अणुभट्ट्यांना १९७४ च्या पोखरण चाचणीनंतर मूळ देशाकडून सुटे भाग मिळणे दुरापास्त झाले व देशातच भाग घडवून भट्ट्या चालू ठेवाव्या लागल्या. सरकारी खरेदीसाठी २०१६ मध्ये ‘जेम’ ही संगणकीय बाजारपेठ सुरू झाली व २०१७ मध्ये पुरवठा व विल्हेवाट महासंचालनालय बंद करण्यात आले. त्यामुळे प्रमाणित वस्तूंची खरेदी सुकर झाली. आराखड्यावरून घडवावयाच्या भागांची अडचण तेवढीशी हटलेली नाही.

कालबाह्यता व नवे मार्ग : यंत्राचे पोलादी अंग चाळीस वर्षे टिकते, पण त्याच्या नियंत्रणाचे इलेक्ट्रॉनीय पट्ट दहा-पंधरा वर्षांतच बाजारातून नाहीसे होतात. निर्माता उत्पादन थांबविण्यापूर्वी अखेरची मागणी नोंदविण्याची संधी देतो. त्या वेळी उरलेल्या सर्व आयुष्याला पुरतील इतके पट्ट एकदम घ्यावे लागतात. उलट यंत्र मोडीत काढले की त्याचे भाग त्याच दिवशी यादीतून वेगळे करावयास हवेत. हे न केल्याने कित्येक भांडारांत अस्तित्वात नसलेल्या यंत्रांचे भाग काळजीपूर्वक तेल लावून ठेवलेले आढळतात.

मार्च २०२१ मध्ये ‘एव्हर गिव्हन’ हे जहाज सुएझ कालव्यात सहा दिवस अडकले, तेव्हा दूरच्या एकाच पुरवठादारावर अवलंबून राहण्याचा धोका पुन्हा चर्चेत आला. संगणकीय आराखड्यावरून भाग थरावर थर रचून घडविण्याचे तंत्र (त्रिमिती मुद्रण) या अडचणीवर अंशतः उपयोगी पडू लागले आहे. जर्मन रेल्वेने २०१५ पासून जुन्या गाड्यांचे दुर्मीळ भाग या पद्धतीने करून घेण्यास आरंभ केला. लहान, गुंतागुंतीच्या आकाराचे व वर्षाकाठी एखादाच लागणारे भाग त्यासाठी सोयीचे असतात. चरकाच्या लाटेसारख्या अवजड भागासाठी मात्र ओतशाळेत साचा बसवून तीन-चार महिने आधी मागणी नोंदविण्यावाचून अद्याप गत्यंतर नाही.